मध्यावकाश, पाच मिनिटे

सोमवार, ३

बाईंनी सांगितले की रोज थोडे लिहीत जा, लिहिले की बोलणे सुधारते. बाई म्हणजे आमच्या ग्रंथालयाच्या ग्रंथपाल. त्यांचे ऐकून आज ही वही काढली. सातवीनंतर शाळा सुटली, तेव्हापासून मी स्वतःच्या मनाने काही लिहिल्याचे आठवत नाही. पन्नाशी वर्षावर आली. अक्षर अजून बरे आहे.

काय झाले ते लिहितो. येत्या एक तारखेपासून ग्रंथालयाची साफसफाई यंत्रवाल्या कंपनीकडे जाणार. आम्ही चौघे जुने सफाईवाले शहराबाहेरच्या कागदपत्रांच्या गोदामात. काम तेच. बाकी तिघांना काही वाटले नाही, एकाला तर गोदाम घरापासून जवळ पडते. माझे मात्र तसे नाही. एकोणीस वर्षे मी ही इमारत धुतली आहे. जिना एकही नाही, सगळा उतार. तो मधल्या मोठ्या दालनाभोवती गोल गोल चढत पाचव्या मजल्यावर जातो. म्हणून लोक हिला गोगलगाय म्हणतात. दालन खालपासून वरपर्यंत मोकळे, आणि छताला एकच गोल काच. सकाळी दार उघडण्याआधी चार-पाच मिनिटे मी त्या काचेखाली झाडू धरून उभा राहतो. नाव घेतो. हे कामचुकारपणात मोडत असेल तर देव बघून घेईल.

आता दर शनिवारी लोकांना इमारत हिंडवून दाखवायची असे ठरले आहे. त्याला दोन मार्ग. एक, कानात घालायचे यंत्र, त्यात सरांचा आवाज. सर म्हणजे या इमारतीवर पुस्तक लिहिलेले प्राध्यापक, समितीत त्यांचा शब्द चालतो. दुसरा मार्ग, जिवंत माणूस. जिवंत माणूस म्हणून बाईंनी माझे नाव सुचवले. गेल्या वर्षी मी एका चुकलेल्या पाहुण्याला वाट दाखवता दाखवता भिंतींचेच सांगत बसलो होतो, ते त्यांनी मागून ऐकले होते म्हणे.

तीन शनिवार परीक्षा. मग समिती ठरवणार. पास झालो तर मार्गदर्शक म्हणून इथेच. नाही तर गोदाम.

बायकोला सांगितले. ती म्हणाली, तुम्ही घरात दिवसाला दहा शब्द बोलता, त्यातले चार 'हं' असतात.

मंगळवार, ४

सरांनी टिपण पाठवले. अकरा पाने, टंकलेली. पहिल्या पानावर आठ थांबे आणि प्रत्येकापुढे मिनिटे. पुढे प्रत्येक थांब्यावर काय बोलायचे ते.

आत शब्द असे: 'प्रतलांची लय', 'सामग्रीचा प्रामाणिकपणा'. आमच्या भिंती प्रामाणिक आहेत हे मला मान्यच आहे, पण ते लोकांना कसे सांगायचे? दुपारी संदर्भ विभागात मोठा शब्दकोश घेऊन बसलो. इतकी वर्षे त्याच्यावरची धूळ झटकली, उघडला आज. एकेका शब्दाला दोन दोन पाने उलटावी लागली.

अख्ख्या टिपणात एकच शब्द ओळखीचा निघाला. पाचवा थांबा: 'मध्यावकाश, पाच मिनिटे.' आमच्या शाळेच्या वेळापत्रकात तो लाल शाईने लिहिलेला असे. तेवढा एक शब्द पाहून जिवाला बरे वाटले. सर मोठे विद्वान, पण माणसाची दमछाक ओळखून आहेत. बरोबर मध्यावर, मोठ्या दालनात, पाच मिनिटांची सुट्टी ठेवली आहे. त्यापुढच्या पानावर 'रिक्ततेचे शिल्प' म्हणून मजकूर आहे, तो सुट्टी संपल्यावर म्हणायचा असणार.

अडचण एकच. त्या दालनात बाक नाहीत, ठेवायचेही नाहीत असा पहिल्यापासूनचा नियम. लोकांना खाली बसवावे लागेल. आणि तिथे कोणी बसले की 'उठा, उठा' म्हणत एकोणीस वर्षे मीच धावलो आहे.

गुरुवार, ६

संध्याकाळी सगळे गेल्यावर खांबांपुढे सराव केला. आमचा वीजवाला, ज्याला सगळे बॅटरी म्हणतात, वर शिडीवर दिवा बदलत होता. मला कळलेच नाही. माझे 'प्रतलांची लय' म्हणून झाल्यावर वरून आवाज आला, काका, खांबाला कळलं, आता मला सांगा. मी त्याला सांगितले की मलाही कळलेले नाही. तो म्हणाला, मग चांगलं म्हणताय की.

शनिवार, ८

पहिली परीक्षा झाली. चौदा जण होते. टपाल खात्यातून निवृत्त झालेली मंडळी, बहुतेक साठीच्या पुढची. बाई मागे मागे चालत होत्या. सर आज नव्हते, देवाची कृपा.

पहिल्या दोन थांब्यांना माझी भंबेरी उडाली. 'सामग्रीचा प्रामाणिकपणा' म्हणायचे ते 'प्रामाणिक सामग्री' म्हणालो आणि पुढचे सगळे पुसले गेले. मग भिंतीवर हात ठेवून जे माहीत होते तेच सांगितले. ही भिंत फळ्यांच्या साच्यात काँक्रीट ओतून केली. साचा काढला, पण फळ्यांच्या रेघा आणि लाकडाच्या गाठी तशाच उमटून राहिल्या. वरून गिलावा केला नाही, रंग दिला नाही. ही गाठ डोळ्यासारखी दिसते, हिला मी मऊ ब्रशने धुतो. लोक भिंतीला हात लावून बघू लागले. टिपणात हात लावण्याचे काही नव्हते. मी अडवले नाही.

पाचव्या थांब्याला, दालनाच्या मधोमध, मी म्हणालो, "मध्यावकाश. पाच मिनिटे. खाली बसा, फरशी सकाळीच दोनदा पुसली आहे."

लोकांनी एकमेकांकडे पाहिले. मग एकेक जण गुडघ्यावर हात टेकून बसला. सुट्टीत माणसे बोलतात, पाणी पितात, म्हणून मी बाजूला सरलो. पण कोणी बोलेना. अकराची वेळ, वरच्या काचेतला उन्हाचा गोल भिंतीवरून हळूहळू खाली येत होता. सगळे माना वर करून बसले. एवढ्यात एक पांढऱ्या केसांच्या आजी चक्क उताण्या आडव्या झाल्या. भोवळच आली समजून बाटली घेऊन धावलो. त्या म्हणाल्या, "मला काही झालेलं नाही. तुम्ही बाजूला सरका, दिसत नाहीये."

पाचाची नऊ मिनिटे झाली. उठा म्हणायचा धीर होईना. एक गृहस्थ रुमालाने डोळे पुसत होते. वरच्या काचेच्या कडेला धूळ साठते ती पडली असणार.

पुढचे तीन थांबे लोक फारसे बोललेच नाहीत. कंटाळले होते. जाताना नुसते हात जोडून गेले. बाई चष्मा काढून पुसत राहिल्या. पहिली परीक्षा गेली असे धरून चालतो.

मंगळवार, ११

काल सुट्टी होती. आज लांब काठीला फडके बांधून छताच्या काचेची कड पुसली. बॅटरीने शिडी धरली. परत कोणाच्या डोळ्यांत जायला नको.

शनिवार, १५

आजचे लिहू नये असे वाटते, पण न लिहिले तर ही वही खोटी ठरेल.

वीस जण होते, आणि सर. उंच, सरळ, इस्त्रीचे कपडे. चार थांबे त्यांनी ऐकून घेतले. माझे दोन उच्चार सुधारले, ते बरोबरच होते. पाचव्याला मी लोकांना बसवले. सर उभेच. त्यांनी विचारले, हे काय चालले आहे? मी म्हटले, आपण लिहिल्याप्रमाणे मध्यावकाश. पाच मिनिटे.

क्षणभर त्यांना कळेना. मग कळले. सगळ्यांसमोर म्हणाले, "अहो, मध्यावकाश म्हणजे शाळेची सुट्टी नव्हे. मध्य, अवकाश. मधली पोकळी. या इमारतीचा आत्मा आहे तो, आणि तुम्ही लोकांना डबा खायला बसवताय?"

कोणी तरी हसले. बसलेले लोक उठू लागले. मीही हसल्यासारखे केले. कान मात्र असे तापले की वाटले भिंतीला लावावेत, ती थंड असते. उरलेला फेरा कसा पार पडला आठवत नाही. 'रिक्ततेचे शिल्प' सरांनी स्वतःच म्हणून दाखवले. सुंदर म्हणाले. मला त्यातले निम्मे समजले.

बॅटरी दारात उभा होता. म्हणाला, काका, मध्यंतरच ठेवायचे असेल तर पुढच्या वेळी तिकिटे मी फाडतो, पण सिनेमा कुठला ते सांगून ठेवा. त्याच्या मनात वाईट नव्हते.

घरी सांगितले. बायकोने ताट वाढले. मग म्हणाली, त्यांनी तसा शब्द कशाला लिहायचा? मी म्हटले, शब्द बरोबर आहे, वाचणारा सातवी पास आहे.

मंगळवार, १८

पुन्हा शब्दकोश काढला. या वेळी जो शब्द येतो असे वाटले होते तोच पाहिला. 'अवकाश' पुढे दोन अर्थ दिले आहेत. एक, पोकळी, मोकळी जागा. दुसरा, सवड, वेळ. एकाच शब्दात दोन्ही. त्याला अजून अवकाश आहे, असे आपण रोज म्हणतो, तेव्हा जागेचे म्हणतो की वेळेचे याचा विचार कोण करतो?

जेवणाच्या सुट्टीत यावर बराच वेळ बसून राहिलो. जिथे जागा असते तिथे सवड असते की नाही, सांगता येत नाही. गोदामात जागा पुष्कळ आहे. आणि माझी आई एका खोलीच्या घरात आठ माणसांचे करून दुपारी उंबऱ्यात बसायची, तिच्याजवळ सवड होती. हे दोन अर्थ ज्या कोणी पहिल्यांदा एकत्र बांधले त्याला काही तरी दिसले असले पाहिजे. मला पूर्ण दिसत नाही.

पण सर शिकलेले आहेत. इमारत बांधणाऱ्यांशी ते स्वतः बोललेले आहेत. माझ्या शाळेच्या वेळापत्रकावर त्यांचा शब्द तोलणे बरे नव्हे. शनिवारी त्यांच्या म्हणण्याप्रमाणेच करायचे. बसवायचे नाही. पाच मिनिटे उभ्याने 'रिक्ततेचे शिल्प'.

शुक्रवार, २१

पाठ झाले. बायकोने कागद हातात धरून तीनदा म्हणवून घेतले. एकही चूक नाही. मी विचारले, कसे वाटते? ती म्हणाली, "चूक नाही, पण तुम्ही बोलताय असं वाटत नाही. कोणी तरी तुमच्या पोटातून बोलतंय असं वाटतं."

उद्या शेवटची परीक्षा. माझा ब्रश, हातमोजे आणि लांब काठी बॅटरीच्या ताब्यात दिली. कंपनीच्या माणसांना भिंती कशा धुवायच्या तेही त्याला समजावले. गाठींवर घासायचे नाही.

शनिवार, २२

शेवटची परीक्षा झाली.

दारात पाहतो तर बत्तीस माणसे. पहिल्या शनिवारच्या आडव्या झालेल्या आजी पुन्हा आल्या होत्या, सोबत दोन बहिणी. टपालवाल्यांपैकी पाच-सहा जण होते, आपापल्या घरच्यांना घेऊन. मला वाटले, पहिल्या वेळी नीट कळले नाही म्हणून बिचारे पुन्हा आले. सर, बाई, आणि समितीचे दोघे गुण लिहायचे कागद घेऊन.

चार थांबे बरे झाले. भिंतीच्या गाठी सांगितल्या, टिपणातलेही सांगितले. मग दालन. मी मधोमध उभा राहिलो आणि सुरू केले, "या वास्तूचा मध्यावकाश हे रिक्ततेचे शिल्प होय." अडखळलो नाही. सर मान डोलावत होते. दोन मिनिटे झाली. लोकांकडे पाहिले तर पाय बदलत उभे. एकाने फोन काढला. एक जण दुसऱ्याला वेळ विचारत होता. वर कोणीही बघत नव्हते. उन्हाचा गोल माझ्या मागे भिंतीवर आला होता आणि तिकडेही कोणाचे लक्ष नव्हते, सगळे माझ्या तोंडाकडे पाहत होते.

आजींनी विचारले, "बसायचं कधी?"

मी म्हटले, आज बसायचे नाही, आजी. मागच्या वेळी माझी चूक झाली होती.

"मग मी कशाला आले? या दोघींना गाडीतून पाच तास आणलंय मी." आणि त्या बसल्या. बहिणीही बसल्या. टपालवाले बसले. बाकीचे माझ्याकडे बघू लागले, बसावे की कसे.

माझ्यापुढे अजून दीड पान होते, सगळे तोंडपाठ. ते म्हणून टाकले असते तर समितीच्या कागदावर काही खोट राहिली नसती. सरांकडे पाहिले. त्यांच्या कपाळावर आठी होती. मला गोदाम दिसले. खरेच दिसले, पत्र्याचे छप्पर आणि खालपासून वरपर्यंत गठ्ठे.

मी कागदाची घडी करून खिशात घातला. म्हणालो, "सर, आपला शब्द मोठा आहे. मला त्यातला अर्धाच येतो. तेवढा देतो." आणि लोकांना म्हणालो, "मध्यावकाश. पाच मिनिटे. बसा."

मग मीही बसलो. एकोणीस वर्षांत त्या फरशीवर मी ओणवा झालो आहे, गुडघे टेकले आहेत, बसलो कधी नव्हतो. बसल्यावर छत आणखी वर जाते, हे मला माहीतच नव्हते. पाच मजल्यांचे उतार एकाभोवती एक फिरत वर गेले होते आणि वर तो गोल. छत्तीस माणसे आणि श्वासाचासुद्धा आवाज नाही. उन्हाचा गोल भिंतीवरून उतरला, फरशीवर आला, एका बाईच्या पायावर थांबला. तिने पाय हलवला नाही.

किती वेळ गेला ते मी पाहिले नाही. माझेच मन नको तिथे गेले होते, म्हणजे सकाळी जिथे जाते तिथे.

उठल्यावर पुढचे तीन थांबे मी काय बोललो ते सगळे सांगता येणार नाही. तिसऱ्या वळणावर भिंतीत एका हाताचा ठसा आहे, काँक्रीट ओले असताना कोणा कामगाराने टेकलेला, तो दाखवला. कोणत्याच पुस्तकात तो नाही. लोक रांग लावून त्यात आपापला हात ठेवून पाहू लागले. सर सगळ्यात शेवटी आले. त्यांनी हात ठेवला नाही, पण वाकून बराच वेळ पाहिले आणि मला विचारले, हा कधीपासून आहे? मी म्हटले, भिंत आहे तेव्हापासून.

परीक्षेत मला सांगितलेले मी केले नाही, याची मला पूर्ण जाणीव आहे. घरी आल्यावर देवाला हात जोडले आणि म्हटले, आता जे होईल ते होऊ दे, आज मला खोटे बोलावे लागले नाही.

गुरुवार, २७

सकाळी बाईंनी बोलावले. मी गणवेश धुऊन, घडी करून पिशवीतून नेला होता, परत करायला. बाईंनी पिशवीकडे पाहिले आणि विचारले, हे काय? मी सांगितले. त्या हसू लागल्या, मग म्हणाल्या, तुम्हाला खरंच कळलं नाही का हो?

काय कळायचे होते ते त्यांनी सांगितले नाही. एक कागद पुढे केला. शनिवारच्या फेऱ्यांचे छापायचे पत्रक होते, त्याचा कच्चा मसुदा. म्हणाल्या, चुका असतील तर बघा. मी बोट ठेवून ओळ न ओळ वाचली. आठ थांबे. पाचव्यापुढे टंकलेले होते, 'मध्यावकाश, पाच मिनिटे.' त्यातले 'पाच' खोडून 'दहा' केले होते आणि पुढे पेनाने एक शब्द वाढवला होता: 'बसून'. अक्षर सरांचे. त्यांनीच माझे उच्चार सुधारताना मला लिहून दिले होते, म्हणून ओळखले. तळाला छापले होते, 'मार्गदर्शक', आणि पुढे माझे नाव.

मी म्हटले, बाई, यात चूक नाही.

मग बाहेर येऊन उतारावरून पाचव्या मजल्यापर्यंत चालत गेलो आणि चालत खाली आलो. बॅटरी भेटला. त्याने माझा ब्रश माझ्या हातात दिला आणि म्हणाला, हा तुमचाच, कंपनीवाल्यांना त्यांचा त्यांनी आणू दे.

शनिवार, ६

पहिला खरा फेरा. चाळीस माणसांची मर्यादा ठेवली होती, दारात साठ उभी. दोन तुकड्या कराव्या लागल्या.

पहिल्या तुकडीत बायको होती. मला न सांगता आली, इतरांसारखी रांगेत उभी राहिली, आणि मी भिंतीच्या गाठी सांगत असताना पुढे येऊन म्हणाली, "एवढं बोलता येतं तुम्हाला? मग घरी कुठे ठेवून येता?" लोक हसले. मीही हसलो. पुढे कुठेही अडलो नाही. एकाने विचारले, या इमारतीला एवढा खर्च का केला? मी म्हटले, ते मला माहीत नाही, पण आज इथून जाताना तुम्हीच मला सांगा. तीन प्रश्नांना तर सरळ म्हणालो, माहीत नाही. माहीत नाही म्हणायला इतका आनंद होतो हे कोणी आधी सांगितले नव्हते.

सरही आले होते, स्वतःचे तिकीट काढून. दालनात सगळे बसले, तेव्हा ते नेहमीसारखे खांबापाशी उभे राहिले. मग त्यांनी चष्मा खिशात ठेवला, खांब धरला आणि एक एक पाय मोजून वाकवत खाली बसले. मला त्यांच्या इस्त्रीची काळजी वाटली. हात द्यायला उठणार होतो, तर त्यांनी बोटानेच मला बस म्हटले.

दहा मिनिटे झाली. लोक उठले, उताराकडे निघाले. सर बसलेलेच. उठता येत नसेल असे वाटून मी जवळ गेलो. त्यांनी वर बघतच विचारले, "अजून थोडा अवकाश आहे ना?"

मी म्हटले, "आहे, सर."

त्यांना तिथेच ठेवून लोकांना घेऊन वर गेलो. हाताच्या ठशापाशी इतका वेळ लागला की गच्चीवर पोचेपर्यंत बाराला दहा कमी. खाली पाहिले तर दुसरी तुकडी दारापासून रस्त्यापर्यंत उभी होती. मी पाणी प्यालो, आणि उतारावरून जवळजवळ पळतच त्यांना आणायला गेलो.